ऑलीचा अर्धचंद्र

मी चित्रकार आहे आणि गेली काही वर्षं मी स्केटबोर्डवरून पडणारी पोरं काढते. उभी राहिलेलीही काढते, पण तो योग क्वचित. आमच्या कोपर स्टेशनजवळच्या सोसायटीचं अंगण गुळगुळीत कोब्याचं, त्यामुळे पार मानपाडा-आंबिवलीहून मंडळी इथे येऊन आपटतात.

त्यांतली एक आमच्याच तिसऱ्या मजल्यावरची, कॉलेजातली मुलगी. तिला ऑली जमत नव्हती. ऑली म्हणजे हात न लावता फळीसकट उडी मारायची. तिची आई मला म्हणालेली, "अगं, एखादं उभं असलेलं पण काढ ना. स्थळं बघतोय आम्ही."

अशात आमच्या सेक्रेटरींनी अंगणात खडबडीत लाद्या बसवायचा ठराव आणला. हे मराठीचे निवृत्त सर. लाद्या बसल्या की चाकं बंद आणि पोरांना अर्धचंद्र. माझं डोकंच फिरलं. पोरं गेल्यावर मी काय कुंड्यांची चित्रं काढू? पण सभेला सर आणि त्यांच्या बाजूचे चारजण सोडून कोणी फिरकतच नसे. म्हणून सभेच्याच दिवशी, त्याच हॉलमध्ये मी चित्रं मांडायचं ठरवलं आणि फळ्यावर कागद लावला: 'रविवारी सभा आणि ऑली. सर्वांनी यावे.'

सरांना अशुद्ध शब्द बघवत नाही. त्यांनी लाल पेनने माझा अर्धचंद्र खोडला आणि मात्रा दिली. 'सभा आणि ओली.'

आता आपल्याकडे पार्टी एक तर सुकी असते, नाही तर ओली. उभ्या जन्मात सभेला न आलेले काका रविवारी इस्त्रीचे शर्ट घालून हजर. एकजण तर घरून खारे शेंगदाणे घेऊन आलेले. मी सरबत फिरवलं.

"हे काय?"

"कोकम."

"आणि नंतर?"

"नंतर पण कोकम."

काकांचे चेहरे पडले. पण आलोच आहोत तर म्हणून शेंगदाणे खात ते चित्रं बघायला लागले. तेवढ्यात एकजण ओरडले, "अरे, ह्याच्यात सर आहेत!" खरंच होते. प्रत्येक चित्रात मागे पहिल्या मजल्याची गॅलरी आणि तिच्यात हात उंचावून ओरडणारे सर.

सरांनी चष्मा लावला. "मी आहे हा?"

"तुम्ही रोज असता, सर."

"मी रागावत नाही हो," ते हळूच म्हणाले. "पडेल म्हणून ओरडतो."

मला एकदम वाईट वाटलं. इतकी वर्षं मी त्यांचे हात काढले, पण चेहरा कधी नीट बघितला नव्हता.

मतदान झालं. निम्मे लाद्यांच्या बाजूने, निम्मे विरुद्ध. मत द्यायचे फक्त सर राहिले आणि ते दारात उभे राहून बाहेर बघत होते. बाहेर ती मुलगी सभेच्या काळजीने एकटीच उड्या मारत होती.

"सर, लाद्या नको असतील तर हात वर करा," अध्यक्षबाई म्हणाल्या.

बाहेर फळी खाडकन आपटली, मुलगी उडाली आणि चक्क उभीच खाली आली.

"जमलं! जमलं!" सर गरजले.

"सर, तुमचे दोन्ही हात वर आहेत."

सरांनी मान वर करून आपले हात बघितले. खाली मात्र घेतले नाहीत.

"एक चुकून गेलाय," ते म्हणाले. "दुसरा मोजा."