भिंतीवरचा माझा रोल

खरं सांगते, नवऱ्यावर जळते मी. चांगली पंचवीस-तीस वर्षं जळतेय. मालिकेची ऑडिशन माझी होती हो! ऑफिसच्या नाट्यस्पर्धेत बक्षिसं मी मिळवलेली. आमचे हे नुसते सोबतीला आले होते, माझी साड्यांची पिशवी धरून. आतून एकजण आला, यांच्याकडे बघून म्हणाला, "तुमचा चेहरा अगदी पोस्टमनचा आहे, उद्या येता?" मला कुणी आत बोलावलंसुद्धा नाही.

पोस्टमननंतर हवालदार, डॉक्टर, मुलीचा गरीब बाप. यांचं नाव कुणाला ठाऊक नाही, चेहरा मात्र सगळ्यांना. विरारच्या बाजारात कोळीण वाट्यावर दोन बोंबील जास्त टाकते, "यांना कोन वळखत नाय?" म्हणते. आता पिशवी मी धरते.

आणि पाठांतर? ते माझ्या जिवावर. स्वयंपाकघरात हे आपली वाक्यं म्हणणार, समोरच्यांची मी. सून मी, इन्स्पेक्टर मी, व्याहीसुद्धा मीच. माझं वाक्य आल्याशिवाय यांच्या तोंडून पुढचं निघत नाही. देवाशपथ, त्या मालिकेतल्या सुनेपेक्षा मी कितीतरी बरी म्हणते.

गेल्या वर्षी यांना आजोबांचं काम मिळालं. आजोबांची बायको वारलेली, तिचा फोटो हवा होता. हे हौसेने म्हणाले, "अगं, तुझाच देऊ या की!" शेजारीण हबकली, "अहो वहिनी, जित्या माणसाच्या फोटोला हार?" मी म्हटलं, घालू देत. तेवढा तरी रोल मिळू दे मेला.

सीन असा, की आजोबांनी फोटोला विचारायचं, "जेवलीस का गं?" आणि पुढे एकट्यानेच बोलत राहायचं. फोटोला कुठलं आलंय वाक्य! पण तालमीत मला राहवेना. दरवेळी पोळ्या लाटता लाटता मी म्हणायचे, "तुमच्याआधी कधी जेवलेय का मी?"

शूटिंगला मीही गेले. भिंतीवर मी, हार घालून. खाली कोपऱ्यात खुर्चीवरही मीच. यांनी विचारलं, "जेवलीस का गं?" आणि थांबले. फोटोकडे बघत नुसते उभे. ओठ हलतायत, शब्द फुटत नाही. मला लगेच कळलं, हे माझ्या वाक्याची वाट बघतायत. अगदी जिभेवर आलं होतं हो! तोंडावर पदर दाबून बसले. बोलले असते तर शॉट फुकट गेला असता. शेवटी कसेबसे सावरून हे पुढचं बोलले.

"कट!" म्हणत दिग्दर्शकाने येऊन यांना मिठीच मारली. "काय पॉज घेतलात, काका!" सगळ्या सेटने टाळ्या वाजवल्या. आता तो तुकडा मोबाइलवर फिरतोय. उमेळ्याची माझी सख्खी बहीण मलाच पाठवते आणि खाली लिहिते, भावोजींनी रडवलं. फोटोचं कुणी नाव काढत नाही.

त्या दिवशी घरी आल्यावर हे म्हणाले, "जमलं ना गं?"

"जमलं," मी म्हटलं आणि कणीक मळायला घेतली. टाळ्या पडल्या ती जागा माझ्या वाक्याची होती.