हाकेले ओ देल्ली नाई

हे मी आजवर कोनालेच सांगतलं नाई. सासूले नाई, पोटच्या पोरीलेही नाई. आता दात पडले, नजर गेली — तुमी ऐकून राह्यले, म्हनून सांगतो.

माहा मालक दोन साल दुसऱ्या बाईसंग सिरोंच्याकडं राह्यला. मंग एक दिवस वापस आला, ओट्यावर बसला, पानी मांगतलं. मी देल्लं. घरात घेतलं. पन बोलली नाई. जेवन वाढो, कपडे धुवो — अन् तोंड बंद. तो रोज काई ना काई बोले, हासवाले पाहे. मले का बोलावं नाई वाटे? वाटे ना. पन जीव म्हने, एवढ्यात नाई.

मोहफुलं पडाले लागले का आमी पहाटेच टोपले घेऊन जंगलात जावो. वाघाचं जंगल हाय आमचं. म्हनून हाकेची रीत — एकानं हाक मारली का दुसऱ्यानं ओ द्याची. ओ नाई आली, तं हातचं टाकून धुंडाले जायाचं. लहान लेकरालेही हे समजते. मले नाई समजत होतं का?

त्या दिवशी तो नाल्याच्या अलीकडं, मी पलीकडं. त्यानं हाक मारली. मंग अजून मारली.

"कुठी हायेस वं? बोलू नको माह्यासंग, नुसती ओ दे."

मंग तो नाल्यात उतरला. अन् नाल्यात वाघ —

लोकं धावले, पन तवर सारं झालं होतं. सासू माह्या पाठीवरून हात फिरवे अन् म्हने, "तुले धुंडाले गेला वं बाई. असा जीव लावनारा मानूस." मी सांगतलं, वारा होता, हाक ऐकूच नाई आली. साऱ्यायनं मानलं. शिव्या त्या सिरोंच्याच्या बाईले भेटल्या.

ऐकू आली होती. दोन्ही हाका, साफ. मी झाडामांगं लपली होती — त्यानं यावं, मले धुंडावं म्हनून. मी त्याची येवढी वाट पाह्यली, त्यानं घडीभर पाहावी. बस, येवढंच मनात. तो नाल्यात उतरला तं पायाखालचा पाला वाजला. अन् मी तोंडावर पदर धरून हासत होती.

तो येऊन राह्यला होता ना.