ओट्याखालची मखमल

नववीत शाळा सुटली तेव्हा मला एकच गोष्ट धड येत होती, सरळ शिलाई मारणं. लग्न होऊन मुंबईला आले आणि त्या शिलाईवरच सिनेमाच्या सेटचे पडदे शिवायला लागले. आमच्या मॅडम प्रॉडक्शन डिझायनर. सिनेमात माणसांच्या मागे जे जे दिसतं, ते सगळं त्या ठरवतात. त्यांनी मला मशीनवरून उठवून हाताखाली घेतलं, चित्रं काढायला शिकवलं. ते मी विसरले तर मला अन्न गोड लागणार नाही.

पण आता त्यांच्या हाताखाली ती पण आहे. दिल्लीची, डिझाइनच्या कॉलेजातून शिकून आलेली. मॅडमना चक्क नावाने हाक मारते. मॅडमनी सांगून ठेवलं होतं, पुढच्या सिनेमाचं सगळं काम दोघींपैकी एकीच्या हाती देणार.

त्यात नागपूरचं शूटिंग आलं. सक्करदऱ्यातल्या एका भाड्याच्या घरात संत्र्याच्या बागायतदाराचं स्वयंपाकघर उभं करायचं होतं, आजच्या काळातलं. माझं माहेर नरखेड तालुक्यातलं, संत्र्याचंच गाव. म्हटलं, हा पेपर तर माझ्या घरूनच फुटलाय!

दोघींनी आधी आपापलं स्वयंपाकघर चित्रांत किंवा फोटोंत मांडून दाखवायचं होतं. ती मला म्हणाली, "दीदी, किसी का घर देखने को मिलेगा?" मी आईचा नंबर दिला. स्वतः गेले नाही. एक दिवस जरी हलले तरी मागे माझी खुर्ची कोणी उचलून नेईल, ही भीती मला कायमची.

संध्याकाळी आईचा फोन.

"काहून वं, इतक्या जवळ आली अन् घरी नाही आली?"

"काम आहे वं माय."

"तिले नाही का काम? दिवसभर बसली माह्याजवळ. भाकर थापाले गेली तं हिंदुस्थानचा नकाशा केला! बम गोड पोरगी आहे."

"मंग ठेवून घ्यायची तिलेच."

"राहिली असती तं ठेवलीच असती," आई म्हणाली.

दुसऱ्या दिवशी मी माझं चित्र दाखवलं. मातीची चूल, तांब्याचा हंडा, दाराशी संत्र्यांची टोपली. मॅडम "छान" म्हणाल्या आणि त्यांनी ते बाजूला ठेवलं. तिचे फोटो मात्र भिंतीवर लागले. काळा ओटा, मिक्सरवर प्लास्टिकची पिशवी, फवारणीच्या औषधाचं कॅलेंडर. आणि ओट्याखाली, सिलिंडर झाकायला, जांभळ्या मखमलीचा जरीच्या किनारीचा पडदा.

"मखमल! सिलिंडरला!" मॅडम म्हणाल्या. "हे घरबसल्या कोणाला सुचेल?"

मला राहवलं नाही. "तो पडदा मी शिवलाय. राजवाड्याच्या सेटचं उरलेलं कापड तुम्हीच दिलं होतं. मी गावी पाठवला."

मॅडमनी विचारलं, "मग तुझ्या चित्रात का नाही?"

आमच्या घरची चूल कधीच गेली. मीच आईच्या मागे लागून गॅस घ्यायला लावला होता. इतकी वर्षं सेट सजवून सजवून मी डोक्यातल्या आईच्या घरातही सेटच लावून ठेवला होता.

चहाच्या वेळी मॅडमनी सांगितलं. पुढचा सिनेमा तिच्या हाती, मी तिच्या मदतीला. काढून तर नाही टाकलं, म्हणून मी "थँक्यू" म्हटलं. मनापासून म्हटलं. पण चहा तसाच ठेवून उठले.

सेटवर पडदा अगदी तसाच हवा होता. जुनी दिसावी म्हणून नवी मखमल चहाच्या पाण्यात कितीही बुडवा, ते मेणचटपण येत नाही. मी आईला फोन लावला, तो पडदा एसटीने पाठवून दे.

"तो तं तिले देऊन टाकला वं. मागतला तिनं."

"मले न विचारता?"

"तुले काय विचाराचं? ओटा माहा आहे."

फोन ठेवते तोच ती समोर. हातात पिशवी. "दीदी, आंटी ने कहा है, नीचे से उधड़ गया है. मेरी लड़की से सिलवा लेना."

मी पडदा घेतला. त्याला फोडणीचा वास होता. आई जिथे हात पुसते तिथे काळा पट्टा पडला होता. खालची जरीची किनार खरंच सुटली होती. मी सुईत दोरा ओवला.

ती शेजारी येऊन बसली. "मुझे भी दिखाओ ना, कैसे करते हो?"

मी तिच्याकडे पाठ केली आणि शिवायला बसले.