वाडग्याच्या दारात

आबांना, म्हणजे माझ्या वडिलांना, मी एकदा डोंगरावर सोडून आले. नातेवाइकांना मी ही हकीकत सांगते तेव्हा 'आबा मागं राहिले' असं म्हणते. त्यात माझा हात दिसत नाही. खरं काय झालं ते इथं लिहिते.

आई गेल्यावर आबा धाराशिव जिल्ह्यातल्या वाशीकडच्या वस्तीवर एकटे पडले, म्हणून मी त्यांना सोलापूरला आणलं. आणलं म्हणजे काय, जवळजवळ उचलूनच आणलं. मी शाळेत शिकवते, हुकूम सोडायची सवय घरीही जात नाही. ज्यांचं सगळं आयुष्य मेंढरांमागं गेलं ते आबा माझ्या दुसऱ्या मजल्यावरच्या गॅलरीत बसून समोरच्या गच्चीवरच्या पाण्याच्या टाक्यांकडे बघत राहायचे. मला ते बघवत नव्हतं आणि त्यावर काय करावं हेही सुचत नव्हतं. अशातच पावसाळा संपता संपता फोनवर एक जाहिरात आली. सोलापुरातून सकाळी निघायचं, येडशीकडचे बालाघाटाचे डोंगर बघायचे, संध्याकाळी परत. गाइड बरोबर, जेवण त्यांच्याकडे. मी दोन जागा घेऊन टाकल्या. डोंगर बघायला तिकीट काढावं लागतं यावर आबा बराच वेळ हसले, पण आदल्या दिवशी लाल पटका मात्र स्वतःच्या हातानं धुऊन वाळत घातला.

आबांना साखरेचा आजार. सकाळी इन्सुलिन टोचलं की वेळेवर खायला हवं, नाहीतर साखर झपकन उतरते. दोनदा तसं झालं होतं. एकदा तर त्यांनी मला ओळखलंही नव्हतं. त्यामुळे ग्लुकोजची पुडी, बिस्किटं, गोळ्या आणि त्यांचा फोन सगळं माझ्या पर्समध्ये. पुडी त्यांच्या खिशात ठेवली तर ती शेजारच्या पोरांच्या तोंडात जाते, हा माझा अनुभव.

बस निघाली तेव्हा गाइडनं माइक घेऊन नियम सांगितले. प्रत्येकानं एक जोडीदार धरायचा. बस सुटण्याआधी तो जोडीचा नंबर पुकारणार आणि जोडीतल्या एकानं 'आहोत' म्हणायचं. आमचा नंबर नऊ. आबांना ड्रायव्हरशेजारी केबिनमध्ये बसायला आवडतं, ते पुढं गेले, मी त्याच सहलीला आलेल्या शाळेतल्या मैत्रिणींबरोबर मागं. तामलवाडी गेली, तुळजापूरचा घाट चढलो, धाराशिवला पोहे खाल्ले. तिथं पहिल्यांदा मोजणी झाली. आबा माझ्याजवळच उभे होते. ते हळूच म्हणाले, की अशी मोजणी काही खरी नव्हे. मेंढरं वाडग्यात, म्हणजे दगडी कोंडवाड्यात, घेताना दारात उभं राहायचं असतं, एकेक आत सोडायचं आणि प्रत्येकाचं तोंड बघायचं. एखादं कमी भरलं, तर मोजणी शेवटची बरोबर होती तिथं परत जायचं.

"अन् दिसल्यावानी वाटलं, ते मोजणीत धरायचं न्हाय," ते म्हणाले.

मी हो हो म्हटलं. माझं लक्ष चहाकडे होतं.

डोंगर खरोखर सुंदर होता. गवत कमरेएवढं, मधूनच पिवळ्या फुलांचे पट्टे, उतारावर सीताफळीची झाडं. पायथ्याशी एक मोठं लिंबाचं झाड आणि ओढा होता, तिथं दुपारचं जेवण ठरलेलं. आम्ही अकराच्या सुमाराला वरच्या कड्यावर पोचलो. तिथं दगडांचा एक गोल पडका बांध होता, छातीएवढा, एका बाजूनं उघडा. गाइडनं मोठ्या आवाजात सांगितलं, की हा जुन्या काळातला टेहळणीचा बुरूज, इथून शत्रूवर नजर ठेवत. लोक भराभर फोटो काढायला लागले.

आबा पुढं झाले. बुरूज कुठला, म्हणाले, हे मेंढरांचं वाडगं आहे. मेंढरं चारत इथवर यायचे तेव्हा हे दगड त्यांच्या वडिलांनी आणि चुलत्यांनी रचले, दाराचा आडवा दगड तर त्यांनी स्वतः लहानपणी ओढत आणलेला. लोक हसले. वाईट हसले नाहीत, पण हसले. दोघातिघांनी मोबाइल त्यांच्याकडे वळवले. गाइड गोरामोरा होऊन म्हणाला, की काका, आम्ही अभ्यास करून सांगतो. आबांनी आवाज चढवला. शत्रूवर नजर ठेवायला दार उताराकडं कशाला ठेवतील, असं काहीतरी विचारलं. सगळे आता माझ्याकडे बघत होते, आणि मला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

"आबा, गप बसा," मी म्हणाले. "माझी लाज काढायला आणलंय का तुम्हाला?"

चाळीस माणसांसमोर मी हे म्हणाले. आबांनी माझ्याकडे बघितलं. डोळ्यांत राग नव्हता. मग ते वाडग्याच्या दारात खाली बसले आणि हातानं दगडावरचं गवत उपटायला लागले. मी पाठ फिरवली आणि फोटोसाठी उभी राहिले.

उतरताना मी त्यांच्याकडे बघितलं नाही, कारण मला बघायचं नव्हतं. राग माझ्या नाकावरच असतो आणि तो उतरायला अर्धा दिवस लागतो. खाली लिंबाखाली पंगत बसली. आमच्या ड्रायव्हरबरोबर ओढ्याच्या पलीकडं दुसऱ्या एका गाडीचे दोनतीन लोक बसले होते, त्यांत पाठमोरा लाल पटका दिसला. आबा नेहमी ड्रायव्हरबरोबरच जेवतात. बसू दे, म्हटलं, उतरू दे त्यांचा राग. खरं म्हणजे राग माझा होता. जेवण झालं, बसमध्ये चढलो, गाइडनं 'नऊ?' म्हणून पुकारलं आणि मी खिडकीबाहेर बघत 'आहोत' म्हणाले.

बस पंधरावीस मिनिटं चालली असेल. पुढच्या ठिकाणी चढण आहे असं गाइडनं सांगितलं, तेव्हा मला गोळीची आठवण झाली. गोळी आणि पाण्याची बाटली घेऊन मी केबिनशी गेले. ड्रायव्हरच्या शेजारच्या जागेवर पाण्याचे खोके ठेवलेले होते.

ड्रायव्हरला विचारलं. तो म्हणाला, की त्याला वाटलं बाबा मागं तुमच्याजवळ बसले असतील. मग त्याच्याबरोबर जेवायला लाल पटकेवाले बसले होते ते? ते बाबा दुसऱ्या गाडीचे होते, लातूरचे. मी घड्याळात बघितलं, तीन वाजायला आले होते. आबांनी नऊ वाजता पोहे खाल्ले होते, तेही निम्मे, पोह्यांत म्हणे चव नव्हती.

बस वळली. गाइडनं मला विचारलं, शेवटचं कुठं पाहिलंत? मी म्हणाले, जेवताना, ओढ्यापाशी. ड्रायव्हरचं बोलणं ऐकूनसुद्धा मी असं म्हणाले. आबा डोंगरावरून माझ्यामागं खाली आले असणारच, ओढ्यापर्यंत तरी आले असणारच, असं मी मनाला पटवून टाकलं होतं. नाही आले असं म्हणायचं, तर मी तीनसाडेतीन तास त्यांच्याकडे बघितलंच नाही हे कबूल करावं लागणार होतं.

म्हणून सगळे ओढ्याकाठी शोधायला लागले. ओढा पुढं जाऊन एका खोल डोहात उतरतो. दोघं पँटी वर करून पाण्यात गेले, काठीनं चाचपू लागले. मैत्रिणी हाका मारत होत्या. आबांना ऐकू कमी येतं, ते ओ देणार नाहीत, हे मला माहीत होतं आणि तरी मीही हाका मारत होते. फोनला रेंज नव्हती, आणि असती तरी त्यांचा फोन माझ्याच पर्समध्ये होता. पर्स खांद्याला लागून सारखी आपटत होती. त्यातली ग्लुकोजची पुडी मला जाणवत होती. पाण्यातल्या एकानं काठीला काहीतरी लागल्याचं सांगितलं. ते लाकूड निघालं.

अर्धा तास असा गेला. मी काठावर बसले. आणि मग सकाळची गोष्ट डोक्यात आली, मोजणी शेवटची बरोबर होती तिथं परत जायचं. मी स्वतःला विचारलं, की आबांचं तोंड मी शेवटचं कधी बघितलं? पटका नाही, पाठ नाही, तोंड. उत्तर यायला वेळ लागला नाही. ते मघापासून माझ्याजवळच होतं, मी तिकडं बघत नव्हते.

मी गाइडपाशी गेले आणि सगळ्यांना ऐकू जाईल असं सांगितलं, की मी खोटं बोलले. जेवताना मी त्यांना पाहिलंच नव्हतं. शेवटचं पाहिलं ते वर, मी त्यांना गप बसवलं तेव्हा. पाण्यातले दोघं बाहेर आले. गाइड सरळ डोंगराकडे पळत सुटला. मी त्याच्यामागं. सकाळी ज्या चढाला मी चार वेळा थांबले होते, तो कसा चढले ते आठवत नाही. एवढंच आठवतं, की प्रत्येक वळणावर मी मनात एकच गोष्ट मागत होते, आबांनी मला ओळखावं.

ते वाडग्याच्या आत होते. भिंतीला पाठ टेकून, पाय पसरून बसलेले. सदरा घामानं चिंब, हात थरथरत होते. पुढ्यात फोडलेल्या सीताफळाची साल आणि काळ्या बिया पडल्या होत्या. हे फळ त्यांच्यापुढं येऊ नये म्हणून मी गेली दोन वर्षं जिवाचं रान केलं होतं. आता त्या बिया बघून मला रडू फुटलं. मी पुडी फोडली, ग्लुकोज त्यांच्या तोंडात घातलं, पाणी पाजलं, मग बिस्किटं. गाइडनं त्यांच्या पाठीला हात लावून धरलं होतं. बऱ्याच वेळानं त्यांची नजर स्थिर झाली आणि त्यांनी माझ्याकडे बघितलं.

"आलीस व्हय, माय," ते म्हणाले.

उतरायची ताकद येईपर्यंत आम्ही तिथंच बसलो. ते थांबत थांबत सांगत होते. आम्ही निघालो तेव्हा त्यांना उठायचंच होतं, पण दाराचा दगड सरकलेला, तो नीट बसवावा म्हटलं. बसवला, मान वर केली तर कुणी नव्हतं. मग अंधारी यायला लागली. चुकलेल्यानं वणवण करू नये, म्हणून ते जागचे हलले नाहीत. हाताला आलेलं, डोळे उघडून पिकलेलं एक सीताफळ तेवढं तोडलं.

"खाली मोजणी झाली न्हवं?" त्यांनी विचारलं.

"झाली. तुमच्या जागी मी हो म्हणाले. न बघता."

ते दाराच्या दगडाकडं बघत राहिले. "म्या म्हणलं, लेक चिडून गेली. आता येती का न्हाय."

मी त्यांचा हात धरला, तो अजून गार होता.

खाली आलो तेव्हा ऊन उतरलं होतं. पुढचं ठिकाण रद्द झालं आणि कुणी कुरकुर केली नाही. वाटेत गाइडनं आबांना विचारलं होतं, की काका, ते खरंच वाडगं आहे का, आणि आबांनी त्याला दार उताराकडं का असतं ते समजावलं होतं. वारा कड्याकडून मागच्या भिंतीवर येतो, आत मेंढरांना आडोसा मिळतो. बसपाशी पोचल्यावर गाइडनं सवयीनं माइक घेतला, मग तो आबांकडे बघून थांबला आणि माइक खाली ठेवला.

आबा बसच्या दाराची दांडी धरून पायरीवर उभे राहिले. एकेक माणूस आत जाताना त्यांनी त्याच्या तोंडाकडं बघितलं आणि ओठांत काहीतरी पुटपुटलं. मघा हसलेले लोक होते, त्यांचा व्हिडिओ काढलेले होते, पाण्यात उतरलेले होते. सगळ्यांना सारखंच. सगळे चढल्यावर मी उरले. मान वर करायची माझी हिंमत होत नव्हती. त्यांनी माझ्या हनुवटीला हात लावून माझं तोंड वर केलं आणि बराच वेळ बघितलं.

मग आत वळून ड्रायव्हरला म्हणाले, "ही बी हाय. चला."