दोरीवरची चादर

सव्वीस वर्षं त्याचं काम एकच. दर पंधरवड्याला घरोघरी जायचं, ताप आलेल्याचं बोट टोचून काचपट्टीवर रक्त घ्यायचं आणि दाराशेजारी खडूने तारीख लिहायची. मुलं त्याला टोचणीमामा म्हणत. मोठ्यांनाही दुसरं नाव आठवत नसे.

महामारी आली आणि त्याला नाक्यावर येणाऱ्या-जाणाऱ्यांच्या नोंदी करायला बसवलं. डासांच्या फवारणीचे पंप रस्ते धुवायला गेले. दारांशेजारच्या तारखा तीन महिने तिथेच थांबल्या. मामाला ते बघवेना. नाक्यावरून दुपारी सुटला की तो आपणहून फेरी मारू लागला.

पण ताप कबूल कोण करणार? ताप म्हटलं की गाडी येई आणि माणसाला विलगीकरणात नेई. म्हणून मामा तापाचं विचारीना. तो कपडे वाळत घालायच्या दोऱ्या बघे.

शिलाईवाल्या बाईंच्या दारात तो थांबला.

"सगळे ठणठणीत आहेत, मामा."

"असू दे. ही चादर सोमवारी दोरीवर होती, आज बुधवारी पुन्हा. तुमच्या घरात एक दिवसाआड पाऊस पडतो काय?"

"पोरीने पाणी सांडलं."

"दोन्ही वेळा झोपेतच?"

बाईंनी मशीन थांबवलं. त्यांचा आवाज खाली आला. "सात वर्षांची आहे हो. एकटी कशी राहील तिथे?"

"हुडहुडी भरून येतो आणि घामाने निथळून जातो, तो बहुधा माझ्या वहीतला, डासांचा ताप. काच बघू, मग ठरवू. पण लपवून ठेवलात तर पोर हातची जाईल, ताई."

बाई आत गेल्या आणि मुलीला घेऊन आल्या. तिचे ओठ पांढरे पडले होते.

"टोचणार नाही ना?" तिने विचारलं.

"टोचणार तर! नाव काय माझं?"

दवाखान्यात काच तपासणाऱ्या बाईंपुढे महामारीच्या नमुन्यांचा ढीग होता. सूक्ष्मदर्शकावर प्लास्टिकचं आवरण, त्यावर धूळ.

"मामा, मला श्वास घ्यायला वेळ नाही."

"एकच आहे. चहा पिता पिता बघा."

त्यांनी बघितलं. चहा निवला. मलेरियाच निघाला. कपाटात उरलेल्या गोळ्यांतल्या मोजक्या मामाने कागदात बांधून नेल्या आणि पहिली आपल्यासमोर गिळायला लावली. आठवड्याने मुलगी पायरीवर बसून आईने दिलेल्या चिंध्यांची बाहुली करत होती.

चादरीची गोष्ट गल्लीभर झाली होती. तरी पुढच्या फेरीला प्रत्येक घराने तेच सांगितलं, "आमच्याकडे कोणाला काही नाही." मात्र तीन दारांपुढे चादरी लटकत होत्या. शेवटच्या दारातली चादर मामाने चिमटीत धरून पाहिली. कोरडी खडखडीत होती, धुतलेलीच नव्हती; घडीच्या रेषाही तशाच होत्या.

दारातली म्हातारी दुसरीकडे बघत होती.

मामाने पिशवीतून काचपट्ट्यांची डबी काढली आणि विचारलं, "बोट कोणाचं, आजी?"