रॅम्बव्होच्या सरपंचबाईंची सही

जिस्लेन थूव्हनो आमच्या गावची सरपंच झाली, ती दुसरं कुणी व्हायला तयार नव्हतं म्हणून. त्याआधी एकतीस वर्षं ती या खोऱ्यात टपाल वाटायची. पिवळ्या गाडीतून रोज सहा गावं. कुणाचा मुलगा पत्र पाठवत नाही, कुणाला कोर्टाची नोटीस आली, कुणाची सून नवऱ्याला सोडून कुठल्या पत्त्यावर राहते, सगळं तिला ठाऊक असायचं आणि त्यातलं एक अक्षरही तिच्या तोंडून बाहेर पडायचं नाही. निवृत्त झाली त्याच वर्षी जुने सरपंच दक्षिणेला मुलीकडे राहायला गेले. लोकांनी तिला गळ घातली, ती हो म्हणाली.

रॅम्बव्होची वस्ती एकशे अठ्ठावीस. शाळा बंद झाली, लाकडी फर्निचरचा कारखाना बंद झाला, डॉक्टर निवृत्त झाले त्यांच्या जागी कुणी आलं नाही. पावाची गाडी आठवड्यातून तीनदा येते. अशा गावाच्या सरपंचाच्या वाट्याला तुंबलेली गटारं आणि कुंपणाची भांडणं यापलीकडे काय येणार? मी एदविज, तिथल्या कचेरीची कारकून. सोमवार आणि गुरुवार रॅम्बव्हो, बाकीचे दिवस दुसरी गावं. जिस्लेनला मी तिच्या टपालाच्या दिवसांपासून ओळखते, म्हणून हे सगळं माझ्या डोळ्यांदेखत झालं असं म्हणता येईल.

राष्ट्राध्यक्षपदाला उभं राहायचं तर आमच्याकडे पाचशे लोकप्रतिनिधींच्या सह्या लागतात. देशात सरपंच पस्तीसएक हजार, आणि त्यातले बरेचसे आमच्यासारख्या चिमुकल्या गावांचे. त्यामुळे दर पाच वर्षांनी एक-दीड महिना आमची आठवण सगळ्यांना येते. प्रत्येकाला एकच फॉर्म येतो, तो एकाच नावासाठी भरायचा. एकदा पाठवला की मागे घेता येत नाही, आणि कुणी कुणासाठी सही केली ते जाहीर होतं.

त्या वर्षी फेब्रुवारीत फॉर्म आला, आणि पाठोपाठ रेजिस ओबेर आला. हा पूर्वी फर्निचरच्या कारखान्यात मुकादम होता. आता बाहेरून आलेल्यांना विरोध करणाऱ्या कडव्या राष्ट्रवादी पक्षाचं काम करायचा. त्यांचा नेता ब्रेसोल. त्याला मतं लाखांनी पडायची, पण सह्या मिळताना मारामार, कारण मत गुप्त असतं आणि सही उघडी. रेजिस कचेरीत टोपी हातात घेऊन उभा राहिला.

"बसू का, सरपंचबाई?"

"बसा. कॉफी आहे. चांगली नाहीये."

तो बसला. "मी तुम्हाला आमच्यात या म्हणत नाही. मत कुणालाही द्या. सही म्हणजे नुसतं दार उघडणं."

"दार उघडलं की पाहुणा आत येतो, मस्यू ओबेर."

"येऊ दे की. घरातल्या निम्म्यांनीच बोलावलंय त्याला." त्यानं खिशातून कागद काढला. "गेल्या खेपेला या गावात सत्याऐंशी मतं पडली. त्यातली शेहेचाळीस आमची."

जिस्लेननं कागदाकडे पाहिलंही नाही. आकडा तिला माहीतच होता. त्या दिवशी मतदानकेंद्र तीच सांभाळत होती.

तो गेल्यावर ती मला म्हणाली, "माणूस खोटं बोलत नाहीये, हीच पंचाईत आहे."

"मग तू काय करणार?"

"मला ब्रेसोल नको. पण ज्याला एवढी माणसं मत देतात त्याला उभंच राहू द्यायचं नाही, हेही मला पटत नाही. मग माझं म्हणणं काय? तूच सांग."



तिथून तिच्या मागे भुंगा लागला. फॉर्म आधी पावाच्या डब्याखाली होता, मग शिवणाच्या मशीनच्या खणात गेला, मग गाडीत. एका सोमवारी तिनं तो माझ्या टेबलावर ठेवला आणि बाराला परत घेऊन गेली. नऊ वर्षांपूर्वी सोडलेली सिगारेट पुन्हा सुरू झाली. सकाळी काही काम नसताना गाडी काढून जुन्या वाटेनं सहा गावं फिरून यायची. कशाला, विचारलं तर म्हणायची, "घरात बसवत नाही."

रविवारी तिच्या मुलीचा, कोरालीचा, स्ट्रासबुर्गहून फोन आला. तेव्हा मी तिच्याकडे जेवायला होते. जिस्लेननं सूप ढवळता ढवळता फोन टेबलावर मोठ्यानं लावला होता.

"आई, गावात काय चाललंय ते मला कळलंय. तू सही केलीस तर मी तुझ्या नातींना काय सांगू? यांचे पणजोबा इटलीहून दगड फोडायला आले होते आणि आजीनं कुणासाठी सही केली?"

"मी केलीय म्हणून कुणी सांगितलं तुला?"

"नाही करणार, एवढं म्हण ना मग."

"तू इथं राहत नाहीस, कोराली. तुला दहा मिनिटांत डॉक्टर मिळतो."

"त्याचा इथं काय संबंध?"

"इथल्या लोकांना विचार काय संबंध ते." जिस्लेननं फोन ठेवला. मग सूपाकडे बघत मला म्हणाली, "बघ, मी रेजिससारखं बोलायला लागले."

तिचे वडील झानेत्ती, खाणीत दगड फोडायचे. गावातली पोरं तिला लहानपणी 'मॅकरोनी' म्हणून चिडवायची. हे ती कधी उगाळत नसे. मला तिच्या नवऱ्यानं सांगितलं होतं, तो असताना.

शेवटी तिनं ठरवलं, गावालाच विचारायचं. मी म्हटलं, कायद्यात असं काही नाही, सही तुझी एकटीची. ती म्हणाली, "माझी एकटीची असती तर मला झोप लागली असती." शनिवारी दुपारी गावच्या सभागृहात अडतीस माणसं जमली. एवढी माणसं तर चौदा जुलैच्या राष्ट्रीय सणाच्या मेजवानीलाही येत नाहीत. शेगडी पेटत नव्हती, सगळे कोट घालूनच बसले.

जिस्लेननं फॉर्म वर धरून दाखवला. "हा तो कागद. ब्रेसोलसाठी मी सही करावी असं मला चारी बाजूंनी सांगितलं जातंय. करू नये असंही सांगितलं जातंय. माझं नाव छापून येणार, आणि नावाखाली रॅम्बव्हो. म्हणून विचारते. काय करू?"

मग यूबेर मँजाँ उठला. वय चौऱ्याऐंशी, गावातला सगळ्यात म्हातारा शेतकरी.

"पोरी, मी त्याला मत देतो. लपवत नाही. तू सही कर."

"का म्हणून, यूबेरकाका?"

"का म्हणजे? तुझ्या बापाला या देशाच्या नागरिकत्वाचा कागद हवा होता तेव्हा गावाचा विरोध होता. माझा बाप सरपंच होता. त्यानं शिफारशीवर सही केली. गावाला विचारत बसला नाही."

सगळ्यांच्या माना जिस्लेनकडे वळल्या. तिचा चेहरा लाल झाला होता. मला वाटलं ती आता चिडणार.

"खरं आहे," ती म्हणाली. "ते उपकार मी विसरले नाही. पण त्यांनी सही केली ती स्वतःच्या मनानं, आणि पुढची निवडणूक हरले, हेही तुम्हाला आठवत असेल. माझं मन मला सही कर म्हणत नाहीये. तुम्ही म्हणताय. मग तुमचे हात दिसू देत. सही कर असं ज्यांचं म्हणणं आहे त्यांनी हात वर करा."

यूबेरचा हात वर गेला. मागे पितापुत्र होते, लाकडाच्या धंद्यातले, त्यांचे दोन. मग खिडकीपाशी एक. झाले चार.

"चारच?" जिस्लेन म्हणाली.

पुढच्या रांगेतली एक बाई हातमोजे नीट करत होती. एकजण शेगडीकडे गेला आणि उगाच तिचं दार उघडझाप करू लागला. यूबेरनं मागे वळून सगळ्यांकडे एकदा पाहिलं, आणि काठी घेऊन निघून गेला.

दुसऱ्या दिवशी सकाळी क्लोदेट, जिस्लेनची शेजारीण, स्वयंपाकघराच्या दाराशी आली. हातात अंडी होती.

"कालचं मनावर घेऊ नकोस. लोकांना वाटतंच तू सही करावी. मलासुद्धा."

"मग हात का नाही वर केलास?"

"सगळ्यांसमोर? माझा जावई शिक्षक आहे, जिस्लेन."

"आणि माझं नाव वर्तमानपत्रात आलेलं चालतं?"

"तू सरपंच आहेस." क्लोदेटनं अंडी ओट्यावर ठेवली. "तुझं ते कामच आहे."

हे जिस्लेननं मला सोमवारी सांगितलं, आणि त्याच दिवशी एक कोरा कागद घेऊन वर स्वतःच्या हातानं लिहिलं: सरपंचांनी ब्रेसोल यांच्यासाठी सही करावी असं आम्हाला वाटतं, खाली आमची नावं. तो कागद कचेरीच्या दारातल्या फलकावर लावला, शेजारी दोरीला पेन बांधलं. गेल्या खेपेच्या सत्याऐंशी मतांच्या निम्मी, म्हणजे चव्वेचाळीस नावं आली तर ती सही करणार होती. सरपंचपणाची शपथ घेतल्यासारखं ती मला हे म्हणाली.

"आणि आली तर?" मी विचारलं.

"तर करीन. आणि कोरालीला तोंड द्यायला स्ट्रासबुर्गला जाईन."

कागद दहा दिवस होता. पहिलं नाव यूबेरचं, मोठ्या थरथरत्या अक्षरात. त्या दहा दिवसांत जिस्लेन किती वेळा फलकापाशी गेली असेल, मोजदाद नाही. नावं वाढावीत असं तिला वाटत होतं की वाढू नयेत, मला कळलं नाही. तिलाही कळलं नसावं. एकदा आठवं नाव आलं, आणि दुसऱ्या दिवशी कुणीतरी ते गिरगटून टाकलेलं. कुणाचं होतं ते वाचता येत होतं. ती ते वाचत नव्हती, तिथं अंगठा ठेवून बाकीची मोजायची.

मुदत संपायच्या आदल्या दिवशी, गुरुवारी, रेजिस आला. आत न येता फलकासमोर उभा राहिला. आम्ही दोघी खिडकीतून त्याची पाठ पाहत होतो. मग तो आत आला आणि न विचारता बसला.

"सात," तो म्हणाला.

"सात," जिस्लेन म्हणाली.

"माझ्या यादीत या गावची चाळीस माणसं आहेत. त्यातले कितीतरी मला घरात घेतात, आलुबुखाराची दारू पाजतात, पाठ थोपटतात. निघताना म्हणतात, रेजिस, गाडी जरा लांब लावत जा." तो हसला, पण नीट हसू आलं नाही. "तुम्ही मला उल्लू बनवलंत असं म्हणायला आलो होतो."

"म्हणा की."

"नाही. तुम्ही नाही बनवलंत."

तिनं त्याला कॉफी दिली. तो अर्धी पिऊन गेला. तिनं कागद उतरवला, फॉर्म माझ्याकडे दिला आणि सांगितलं, "फाइलला लाव. फाडू नकोस." तो कोराच आहे अजून.

ब्रेसोलला सह्या मिळाल्याच, दुसऱ्या गावांतून, दुसऱ्या सरपंचांकडून. आमच्यावाचून काही अडलं नाही. पण जिस्लेनच्या टपालपेटीत एका सकाळी शेण निघालं. दुसरीकडे शहरातल्या एका वर्तमानपत्राचा मुलगा कॅमेरा घेऊन आला, 'नाही म्हणणारी सरपंच' असा काहीतरी मथळा त्याच्या डोक्यात होता. ती त्याला म्हणाली, "मी काहीच केलेलं नाही. न केलेल्या गोष्टीचा फोटो कसला काढतोस?" तो गेला, आणि ती शेणाची पेटी पुन्हा एकदा धुवायला लागली, स्वच्छ झालेली असूनही.

एप्रिलच्या एका रविवारी पहिल्या फेरीचं मतदान झालं. संध्याकाळी सात वाजता पेटी उघडली. आमच्याकडे मतं गावासमोर मोजतात: एकजण पाकीट उघडतो, दुसरा चिठ्ठीवरचं नाव मोठ्यानं वाचतो, दोघेजण रेघा मारतात. वाचणारा माणूस तापानं आडवा झाला होता, म्हणून जिस्लेन वाचायला बसली. मी रेघा मारत होते. सभागृहात वीसेक माणसं भिंतीला टेकून उभी होती.

"ब्रेसोल," ती वाचायची. "ब्रेसोल." मग दुसरं एखादं नाव, मग पुन्हा "ब्रेसोल." ना आवाज चढवला, ना उतरवला. भिंतीपाशी क्लोदेट होती, लाकूडवाले होते, हातमोजेवाली बाई होती. नाव उच्चारलं की कुणी कुणाकडे पाहत नव्हतं. पंच्याऐंशी मतांतली एकोणपन्नास त्याची. तिनं ते नाव एकोणपन्नास वेळा घेतलं.

शेवटी यूबेर टेबलाशी आला. सभेनंतर तो तिच्याशी बोलला नव्हता.

"एकदाही अडखळली नाहीस."

"सतराव्याला अडखळले. तुमचं लक्ष नव्हतं."

म्हातारा काठीवर रेलला. "सात नावं," तो म्हणाला. "मला शरम वाटली. तुझी नाही." आणि गेला.

ब्रेसोल दुसऱ्या फेरीत हरला. पुढं गावाची निवडणूक आली तेव्हा जिस्लेननं पुन्हा अर्ज भरला. दुसरं कुणी नव्हतंच. एकावन्न मतं पडली, आधीपेक्षा बावीस कमी. कोराली उन्हाळ्यात मुलींना घेऊन येते, त्या विषयावर दोघी बोलत नाहीत. नवीन डॉक्टर अजून आलेला नाही, जिस्लेनची त्यासाठी पत्रं चालूच असतात.

परवा पावाच्या गाडीपाशी आम्ही दोघी रांगेत होतो. पुढं सहाजण. तिनं माझा हात धरला आणि हळूच म्हणाली, "एदविज, मी मोजते बघ. हा त्या एकोणपन्नासांतला असेल का, ही असेल का. एकतीस वर्षं यांची पाकिटं हाताळली, कधी मोजलं नव्हतं. आता थांबवता येत नाही."

"दोन पाव घ्यायचेत ना तुला?" मी म्हटलं.

"हो, दोन," ती म्हणाली, आणि पुढच्या माणसाच्या पाठीकडे बघत राहिली.