डाव्या विंगेकडची नजर

कुजबुजे हे काही त्यांचं आडनाव नव्हे. नाटक कंपनीत ते प्रॉम्प्टर होते. डाव्या विंगेत स्टुलावर बसून नटांना विसरलेली वाक्यं पुरवायचे, म्हणून हे नाव चिकटलं. बायको त्याच कंपनीची नायिका. तिचं गाजलेलं संगीत नाटक पडद्यावर गेलं तेव्हा नायिका मात्र दुसरीच घेतली. तेव्हापासून कुजबुजे त्या सिनेमाची सालटी काढत आले. तेही सिनेमा न बघता, त्यामुळे मतात कधी फरक पडला नाही.

परवा त्या सिनेमाची नव्याने स्वच्छ केलेली प्रत लागली आणि लेकीने तिकिटं आणली. बायको लगेच तयार. ती दुसरी खरंच सरस निघाली तर हिला काय वाटेल, या धास्तीने कुजबुजे पुन्हा पुन्हा चष्मा पुसत राहिले. गुडघा दुखतोय, असंही म्हणून पाहिलं. बायको म्हणाली, सिनेमा गुडघ्याने बघायचा नसतो.

थिएटरात त्यांची चुळबुळ थांबेना. नाटकात एका बाकावर भागणाऱ्या प्रवेशाला इथे अख्खा पूल, वर नाचायला माणसांची फौज. ओठ मात्र सवयीने प्रत्येक वाक्याच्या पुढे पळत होते. मग बापाला नकार देण्याचा प्रवेश आला. नाटकात बायको इथे हमखास अडायची, डाव्या विंगेकडे बघायची आणि कुजबुजे वाक्य पुरवायचे. पडद्यावरची नायिकाही नेमकी तिथेच थांबली, डावीकडे वळली. दिग्दर्शकाने ते अडणं अभिनय समजून उचललं होतं. थिएटर चिडीचूप. कुजबुज्यांनी वाक्य दिलं. चांगलं खणखणीत.

"अहो, तिला पाठ आहे," बायको म्हणाली.

बाहेर आल्यावर त्यांना राहवेना. तुझं विसरणंसुद्धा उचललंय त्यांनी, म्हणाले.

"विसरायचं कोण? पहिल्या खेळाला विसरले. पुढे तुम्ही जागे आहात का, ते मी बघायचे."

"मी झोपायचो?"

"त्या अंकात? रोज. मी थांबले की जागे व्हायचात."

लेकीने मधे पडून विचारलं, मग ती कशी वाटली?

"माझ्यापेक्षा छान थांबली," बायको शांतपणे म्हणाली. "तिला विंगेतल्या कुणाची काळजी नव्हती."

कुजबुजे बसस्टॉपपर्यंत गेले, परत आले, पुन्हा गेले. शेवटी लेकीला बाजूला घेऊन म्हणाले, उद्याच्या खेळाची तिकिटं मिळतात का बघ. तो प्रवेश नीट बघायचा राहिला.